आर्थिक दैनिके आणि बेळगाव सीमाभाग

शेअर बाजार, बँका, उद्योगधंदे, करव्यवस्था, आयात-निर्यात आणि मालाचे भाव यांना वाहिलेले रोजचे वृत्तपत्र म्हणजे आर्थिक दैनिक. भारतात अशी दैनिके मुख्यत्वे इंग्रजीत निघाली आणि मोठ्या शहरांतून देशभर गेली. बेळगाव, खानापूर, निपाणी, चिकोडी या सीमाभागात त्यांचा मराठी वाचक आहे. कारखानदार, करसल्लागार, बँकेतले अधिकारी, वाणिज्य शाखेचे विद्यार्थी असा हा वर्ग. त्याच्या घरी मराठी दैनिकही येते. पैशाअडक्याचे त्याचे वाचन या दोन्हींवर चालते, म्हणून इथे दोन्हींची दखल घेतली आहे.

लंडनचे ‘फायनान्शिअल टाइम्स’ १८८८ साली निघाले आणि १८९३ पासून गुलाबी कागदावर छापले जाऊ लागले. पुढे हा रंग जगभर आर्थिक पत्रांची ओळख बनला. भारतात आधी साप्ताहिके आली : कोलकात्याचे ‘कॅपिटल’ १८८८ मध्ये, मुंबईचे ‘कॉमर्स’ १९१० मध्ये. रोजचे भाव तेव्हा सर्वसाधारण दैनिकांच्या एखाद्या रकान्यात मावत. १९६१ हे वळणाचे वर्ष. ६ मार्च १९६१ रोजी बेनेट, कोलमन कंपनीने मुंबईत ‘द इकॉनॉमिक टाइम्स’ सुरू केले, पी. एस. हरिहरन त्याचे पहिले संपादक. त्याच वर्षी रामनाथ गोएंकांच्या इंडियन एक्स्प्रेस समूहाने ‘फायनान्शिअल एक्स्प्रेस’ काढले.

त्या काळी शेअर घेणारी माणसे थोडी होती, तरी अशा दोन पत्रांना वाचक मिळाला. त्याचे कारण सरकारी धोरणात होते. १९५६ साली नवा कंपनी कायदा आला, आयुर्विम्याचे राष्ट्रीयीकरण झाले आणि दुसरी पंचवार्षिक योजना सुरू झाली. परवाना कुणाला मिळाला, आयातीचा कोटा किती ठरला, कुठल्या मालावर अबकारी वाढली, हे कळल्याशिवाय कारखानदाराचे पान हलत नसे. सुरुवातीच्या काळात आर्थिक दैनिकाचे खरे काम हेच होते, असे म्हणायला हवे.

शेअरचा लहान गुंतवणूकदार नंतर आला. १९७३ च्या परकीय चलन कायद्यामुळे परदेशी कंपन्यांना आपले भाग भारतीयांना विकावे लागले, १९७७ मध्ये रिलायन्सचे समभाग विक्रीला आले आणि मध्यमवर्ग बाजारात उतरला. ‘बिझनेस स्टँडर्ड’ १९७५ मध्ये कोलकात्यातून निघाले. १९९१ चे उदारीकरण आणि शेअर बाजारावर देखरेख ठेवणाऱ्या सेबीचा १९९२ चा कायदा यांनंतर वाचक झपाट्याने वाढले. हिंदू समूहाचे ‘बिझनेस लाइन’ १९९४ मध्ये, ‘मिंट’ २००७ मध्ये आले. ‘बिझनेस स्टँडर्ड’ने २००८ मध्ये हिंदी आवृत्ती काढली. मराठीत अर्थविषयक पुरवण्या आणि मासिके चांगली निघाली, पण या इंग्रजी पत्रांच्या तोलाचे दैनिक रुजले नाही. मराठी मुलखातला व्यापार पाहता ही उणीव मोठी आहे.

बेळगावला ही पत्रे उशिरा पोचत. मुंबईचा अंक रेल्वेने यायचा तर मिरजेला गाडी बदलावी लागे, कारण मिरज–लोंढा मार्ग १९९० च्या दशकापर्यंत मीटर गेजचा, म्हणजे अरुंद रुळांचा होता. अंक हाती पडेपर्यंत त्यातला भाव शिळा झालेला असे. शेअर विकायचा तर प्रमाणपत्राला सही केलेला हस्तांतरण अर्ज जोडून रजिस्टर पोस्टाने मुंबईच्या दलालाकडे धाडायचा. सही जुळली नाही की सगळे कागद परत. १९९४ मध्ये राष्ट्रीय शेअर बाजारात संगणकाच्या पडद्यावर व्यवहार सुरू झाले आणि १९९६ नंतर डिमॅट, म्हणजे कागदी प्रमाणपत्राऐवजी संगणकावरची नोंद आली, तेव्हा कुठे बेळगावचा माणूस मुंबईकराच्या बरोबरीने बाजारात बसला.

या पत्रांच्या शेअरभावांच्या तक्त्यांत बेळगावचे स्वतःचे असे काय होते? किर्लोस्करांचे नाव होते. लक्ष्मणराव किर्लोस्करांनी १८८८ मध्ये बेळगावात सायकलचे दुकान काढले आणि पुढे नांगर व कडबा कापायची यंत्रे इथेच घडवली. पण नगरपालिकेच्या विस्तारात जागा गेली आणि १९१० मध्ये कारखाना औंध संस्थानात, आजच्या किर्लोस्करवाडीला हलला. गावात राहिला तो किर्लोस्कर रोड. बेळगावजवळ यमनापूरला ॲल्युमिनाचा कारखाना आहे, पण त्याची कंपनी बाहेरची.

बेळगावात मुख्यालय असलेली कंपनी राष्ट्रीय पानांवर ठळकपणे आली ती श्री रेणुका शुगर्सच्या रूपाने. विद्या मुरकुंबी आणि नरेंद्र मुरकुंबी यांनी आंध्रातला एक बंद कारखाना विकत घेऊन सौंदत्ती तालुक्यात मुनोळीला उभा केला. भागधारकांत ऊस उत्पादक शेतकरीही होते. २००५ मध्ये कंपनी शेअर बाजारात आली, २०१० मध्ये तिने ब्राझीलमधले कारखाने घेतले. मग साखरेचे जागतिक भाव घसरले, कर्ज अंगावर आले आणि सूत्रे सिंगापूरच्या विल्मार कंपनीकडे गेली. या सगळ्या काळात मुनोळीच्या भागधारकाला ब्राझीलचा पाऊस आणि न्यूयॉर्कचा साखर वायदा (पुढच्या तारखेच्या साखरेचा आज ठरणारा भाव) यांच्या बातम्या कामाच्या होत्या, आणि त्या आर्थिक दैनिकातच सविस्तर मिळत.

सीमाभागाचा बाकीचा बहुतेक पैसा मात्र शेअर बाजाराबाहेर फिरतो. उद्यमबाग या बेळगावच्या औद्योगिक वसाहतीतल्या फौंड्र्या, म्हणजे ओतकामाचे कारखाने, घरच्या मालकीचे, पतसंस्था सहकारी, शेतमाल अडत्याच्या गाळ्यावर. त्याची रोजची खबर मराठी दैनिकाच्या बाजारभावात असते. बाबुराव ठाकूर यांनी १९१९ मध्ये सुरू केलेला बेळगावचा ‘तरुण भारत’ आणि कोल्हापूरचा ‘पुढारी’ ही इथली मुख्य पत्रे. त्यांत मार्केट यार्डातला इंदूर बटाटा, आग्रा बटाटा, जवारी बटाटा, कांदा, रताळी यांचे क्विंटलचे भाव वेगवेगळे येतात. आवक किती गाड्यांची, परराज्यातून मागणी आहे की नाही, भाव का उतरला, हेही दोन ओळींत असते. सोन्याचा दर शेजारीच. गूळ विकणारा बेळगावात राहूनही कोल्हापूरच्या सौद्याचा भाव आधी पाहतो. हे पान सीमाभागाचे आर्थिक दैनिकच आहे, आणि पत्रकारितेच्या इतिहासात त्याची नोंद त्याच मानाने व्हायला हवी.

शेअर बाजाराबाहेरचा भाव किती मोलाचा असतो, हे निपाणीच्या तंबाखूने स्पष्ट केले. शेतकऱ्याचा माल वखारीत जाई, भाव व्यापारी ठरवी आणि पैसे कधी मिळतील याचा नेम नसे. १९८१ मध्ये शरद जोशी यांच्या नेतृत्वाखाली उत्पादकांनी महामार्ग अडवला. ६ एप्रिलच्या पोलिस गोळीबारात शेतकरी मारले गेले. ज्या भावासाठी हे घडले, तो कुठल्याच शेअर बाजाराच्या तक्त्यात छापला जात नव्हता.

उसाचे गणित तर दोन राज्यांत विभागलेले आहे. निपाणी, चिकोडी, कागवाड, अथणी भागातला ऊस सीमेच्या दोन्ही बाजूंच्या कारखान्यांना जातो. केंद्र सरकार २००९-१० पासून उसाचा रास्त व किफायतशीर दर, म्हणजे कारखान्याने द्यायचा किमान भाव, जाहीर करते. ती बातमी आर्थिक दैनिकात साखर कंपन्यांच्या नफ्यातोट्याच्या अंगाने येते. कोल्हापूरच्या कारखान्याने पहिली उचल, म्हणजे उसाच्या पैशाचा पहिला हप्ता, किती दिली, इकडच्याने किती, तोडणी-वाहतूक किती कापली, हा हिशेब शेतकरी मराठी पत्रात वाचतो आणि पुढच्या हंगामात ऊस कुणाला घालायचा ते त्यावर ठरवतो.