सोनिया ओ'सुलिव्हन आणि कॅथरिना मॅकिअर्नन: क्रॉस कंट्रीची पदकं कुणाची कोणती?

आयर्लंडच्या लांब पल्ल्याच्या धावपटूंचा विषय निघाला की हमखास एक वाक्य वाचायला मिळतं: ‘सोनिया ओ'सुलिव्हनने क्रॉस कंट्रीच्या जागतिक स्पर्धेत सलग चार रौप्यपदकं मिळवली.’ कधी त्याच्या उलट, मॅकिअर्नन जगज्जेती होती असं ठोकून दिलेलं असतं. दोन्ही चूक: चार रौप्यं मॅकिअर्ननची, जागतिक सुवर्णं सोनियाची. गोंधळाचं कारण मात्र समजण्यासारखं आहे. दोघी आयरिश, दोघींनी क्रॉस कंट्री (ट्रॅकवर नव्हे, तर गवत-चिखलातून आणि चढांवरून धावायची शर्यत) आणि मॅरेथॉन गाजवली, आणि जन्मही दोन दिवसांच्या अंतराने: सोनियाचा 28 नोव्हेंबर 1969 चा, कॅथरिनाचा 30 नोव्हेंबर 1969 चा. सोनिया कॉर्क काउंटीतल्या कोव्हची, कॅथरिना कॅव्हन काउंटीतल्या कॉर्नाफीनची.

सोनियाबद्दल फार सांगायला नको. 1995 मध्ये गोटेबर्गला 5000 मीटरचं जागतिक सुवर्ण, 1996 च्या अटलांटा ऑलिंपिकमध्ये आजारपणाने झालेली वाताहत, 1998 मध्ये बुडापेस्टला युरोपीय स्पर्धेत 5000 आणि 10,000 मीटरची दोन्ही सुवर्णं, आणि 2000 मध्ये सिडनीत गॅब्रिएला साबोच्या मागे अवघ्या 0.23 सेकंदाने आलेलं ऑलिंपिक रौप्य. ही सगळी ट्रॅकवरची कमाई.

मॅकिअर्ननकडे ऑलिंपिक पदक नाही. तेवढ्यावरून तिला ‘दुसऱ्या फळीतली’ म्हणणाऱ्यांचा मला मनापासून राग येतो, कारण त्यांनी तिची खरी स्पर्धा कधी नीट पाहिलेलीच नसते.

आता मुख्य मुद्दा. ट्रॅकवर धावपटू अंतराप्रमाणे विभागलेले असतात. 1500 वाली वेगळी, 10,000 वाली वेगळी, आणि मॅरेथॉनवाली तर रस्त्यावरच. 1990 च्या दशकाच्या पूर्वार्धात जागतिक क्रॉस कंट्रीत प्रौढ महिलांची एकच शर्यत असे, सुमारे 6 किलोमीटरची. त्यामुळे मध्यम पल्ल्याच्या वेगवान धावपटूंपासून 10,000 च्या ऑलिंपिक विजेतीपर्यंत सगळ्या एकाच रेषेवर उभ्या राहत. पात्रता फेरी नाही, दुसरी संधी नाही. गवत, चिखल, चढ आणि गर्दी यांतून जी वाट काढेल ती पुढे.

अशा शर्यतीत मॅकिअर्नन सलग चार वर्षं दुसरी आली. 1992 मध्ये बॉस्टनला लिन जेनिंग्ज तिच्यापेक्षा फक्त दोन सेकंद पुढे होती, तेही जेनिंग्जच्या मायदेशात. 1993 मध्ये स्पेनमधल्या आमोरेबिएताला पोर्तुगालची आल्बर्टिना दियाश, 1994 मध्ये बुडापेस्टला केनियाची हेलन चेपन्गेनो आणि 1995 मध्ये डरहॅमला इथिओपियाची देरार्तू तुलू जिंकली. चार वर्षांत पहिल्या क्रमांकावर चार वेगळ्या बायका, दुसऱ्यावर दरवेळी तीच. याला अपयश म्हणणारा माणूस फक्त सुवर्णाचा रकाना वाचतो. त्यातच 1994 मध्ये अल्निकला पहिलीवहिली युरोपीय क्रॉस कंट्री स्पर्धा झाली आणि ती तिने जिंकली. ‘युरोपीय विजेती’चं ‘जगज्जेती’ बहुधा इथेच होऊन बसतं.

सोनियाची दोन जागतिक क्रॉस कंट्री सुवर्णं 1998 ची, माराकेशमधली. त्याच वर्षी स्पर्धेत 4 किलोमीटरची छोटी शर्यत पहिल्यांदा आली आणि महिलांची मोठी शर्यत 8 किलोमीटरची झाली. सोनियाने सलग दोन दिवसांत दोन्ही जिंकल्या. हे अचाट होतं, आणि ते कमी लेखायचा माझा अजिबात हेतू नाही. पण ‘दोन सुवर्णं विरुद्ध चार रौप्यं’ अशी बेरीज मांडताना हे सांगायलाच हवं, की मॅकिअर्ननच्या चार वर्षांत दुसरी शर्यतच नव्हती. छोटी शर्यत 2006 नंतर बंदही झाली.

या दोघी कायम एकमेकींविरुद्धच उभ्या होत्या असंही नाही. 1997 मध्ये तुरिनला आयर्लंडच्या महिला संघाने जागतिक क्रॉस कंट्रीत कांस्य मिळवलं, तेव्हा त्या एकाच संघात धावत होत्या.

आणखी एक विनंती. क्रॉस कंट्रीच्या वेळा शेजारी ठेवून ‘अमकी तमकीपेक्षा वेगवान’ असं कृपा करून लिहू नका. दरवर्षी मार्ग वेगळा, अंतरही थोडं वेगळं, जमीन कधी कडक तर कधी घोटाभर चिखल. म्हणूनच या प्रकारात विश्वविक्रम नसतो. क्रमांक आणि त्याच शर्यतीतला फरक, एवढंच बोलतं. सोनियाचा 1994 मधला 2000 मीटरचा 5:25.36 हा विश्वविक्रम (तो 2021 मध्ये मोडला गेला) ट्रॅकवरचा होता, त्याचा इथे काही संबंध नाही.

मॅरेथॉनचा गोंधळ मात्र चटकन सुटतो. 1997 मध्ये बर्लिनला पहिल्याच मॅरेथॉनमध्ये 2:23:44 वेळ देऊन जिंकली ती मॅकिअर्नन. 1998 मध्ये लंडन आणि त्याच वर्षी ॲम्स्टरडॅम (2:22:23) जिंकणारीही तीच. सोनियाने 2000 मध्ये, सिडनीहून परतल्यावर, डब्लिन मॅरेथॉन जिंकली. लंडनला 2005 मध्ये ती 2:29:01 वेळ देऊन आठवी आली. ‘लंडन मॅरेथॉन जिंकणारी आयरिश बाई’ असं कुठे वाचलंत आणि खाली सोनियाचा फोटो दिसला, तर फोटो चुकलेला आहे.