संदेहाची परंपरा : रशियन साहित्यातील अद्भुताचा अभ्यास कसा घडला

अद्भुत साहित्याची चर्चा निघाली की साहित्यसिद्धान्तकार त्स्वेतान तोदोरोव यांनी १९७० साली आपल्या फ्रेंच ग्रंथात केलेली व्याख्या हटकून पुढे येते. कथेतील अतर्क्य घटना भास, स्वप्न वा योगायोग म्हणून उलगडायची की ती खरोखर अलौकिक मानायची, याचा निर्णय होत नाही तोवरच अद्भुत टिकते. निर्णय झाला की कथा एक तर केवळ विलक्षण ठरते, नाही तर सरळ चमत्कारकथा होते. आपल्या रसविचारात अद्भुताचा स्थायीभाव विस्मय आहे. येथे त्याची जागा संदेहाने घेतली आहे आणि म्हणूनच या संकल्पनेसाठी ‘अद्भुत’ हा शब्द वापरताना थोडे अडखळायला होते. ही व्याख्या फ्रेंच संरचनावादाचे, म्हणजे साहित्यामागची रचना व नियम शोधणाऱ्या विचारपद्धतीचे, अपत्य समजली जात असली, तरी तिचे मूळ रशियन आहे आणि खुद्द तोदोरोव यांनी ते लपवलेले नाही.

ते मूळ एका पिशाचकथेच्या प्रस्तावनेत सापडते. अलेक्सेय कोन्स्तान्तिनोविच तोल्स्तोय यांनी (हे ‘युद्ध आणि शांती’चे तोल्स्तोय नव्हेत) १८४१ साली टोपणनावाने ‘उपीर’ ही रक्तपिपासू पिशाचांची दीर्घकथा प्रसिद्ध केली होती. तत्त्वचिंतक व्लादिमिर सोलोव्योव यांनी १८९९ मध्ये तिला प्रस्तावना लिहिताना असे म्हटले की, खऱ्या अद्भुतात घटनेचे साधे, लौकिक स्पष्टीकरण देण्याची बाह्य शक्यता नेहमी शिल्लक असते, मात्र ते स्पष्टीकरण मनाला पटत नाही. हा विचारही एकाएकी उगवलेला नव्हता. १८८० साली एका लेखिकेला लिहिलेल्या पत्रात दस्तयेव्स्की यांनी पूश्किनची ‘इस्पिकची राणी’ (१८३४) ही कथा अद्भुताचा आदर्श म्हणून पुढे केली होती. तीत मेलेली उमरावीण रात्री कथानायक हेरमानसमोर येऊन जुगारात जिंकून देणाऱ्या तीन पत्त्यांचे गुपित सांगते. ती त्याच्या पेटलेल्या मनाची निर्मिती होती की दुसऱ्या जगाशी त्याचा खरोखर संपर्क आला होता, हे कथा संपल्यावरही सांगता येत नाही, आणि कला म्हणतात ती हीच, असे दस्तयेव्स्की यांचे मत होते.

सोलोव्योव यांचे ते वाक्य पुढे टिकले ते रशियन रूपवादी समीक्षक बोरिस तोमाशेव्स्की यांच्यामुळे. १९२५ च्या आपल्या ‘साहित्यसिद्धान्त’ या पाठ्यपुस्तकात त्यांनी ते उद्धृत केले. मात्र त्यातील गूढवादी अर्थ बाजूला ठेवून, कथेतील एखादा घटक तेथे का आहे याचे समर्थन कसे केले जाते या तांत्रिक प्रश्नाच्या ओघात. हा रूपवाद्यांचा काळ होता. कलाकृती काय सांगते यापेक्षा ती कशी घडवली आहे, हे पाहायचे, हा त्यांचा बाणा होता आणि त्यांनी हाती घेतलेला लेखक होता एकोणिसाव्या शतकातला कथाकार गोगोल. बोरिस आइखेनबाउम यांनी १९१९ मध्ये त्याच्या ‘ओव्हरकोट’ कथेच्या रचनेवर निबंध लिहिला. विक्तोर विनोग्रादोव यांनी १९२१ मध्ये ‘नाक’ या कथेचा जो शोध घेतला, तो मला या साऱ्या इतिहासातील सर्वांत रंजक भाग वाटतो. एका अधिकाऱ्याचे नाक चेहऱ्यावरून नाहीसे होते आणि वरिष्ठ हुद्द्याचा गणवेश घालून पीटर्सबुर्गमध्ये हिंडू लागते, ही कल्पना गोगोलच्या एकट्याच्या डोक्यातून आली नव्हती, हे त्यांनी दाखवले. लॉरेन्स स्टर्नच्या ‘ट्रिस्ट्रम शँडी’ या इंग्रजी कादंबरीमुळे रशियात नाकांवरच्या विनोदांची लाट आली होती, आणि कापलेले नाक पुन्हा बसवण्याच्या शस्त्रक्रियेची वर्णनेही नियतकालिकांतून येत होती. (या शस्त्रक्रियेच्या भारतीय पद्धतीकडे युरोपचे लक्ष वेधले गेले ते पुण्यात झालेल्या अशा एका शस्त्रक्रियेच्या वृत्तान्तामुळे, ‘जेंटलमन्स मॅगझिन’ या लंडनच्या मासिकाने तो ऑक्टोबर १७९४ मध्ये छापला होता.) अद्भुत हे वर्तमानपत्राच्या रद्दीतूनही घडू शकते, ही विनोग्रादोव यांची शिकवण आजही उपयोगी आहे.

पुढे हे काम थांबले. रूपवाद्यांचे अग्रणी श्क्लोव्स्की यांनी १९३० मध्ये रूपवाद ही आपली चूक असल्याचे जाहीरपणे कबूल केले आणि १९३४ पासून समाजवादी वास्तववाद हेच साहित्याचे अधिकृत धोरण ठरले. साहित्यचिंतक मिखाईल बाख्तिन यांचे दस्तयेव्स्कीवरील पुस्तक १९२९ मध्ये बाहेर आले तेव्हा ते अटकेत होते. त्याच्या १९६३ च्या वाढीव आवृत्तीत त्यांनी दस्तयेव्स्कीच्या ‘बोबोक’सारख्या कथांतील अद्भुत प्राचीन मेनिपीय व्यंगाशी, म्हणजे ग्रीक-रोमन काळातल्या एका उपहासप्रधान साहित्यप्रकाराशी, जोडले आणि तेथे अद्भुत हे विचाराची कसोटी घेण्याचे साधन असते, असे मांडले. सोव्हिएत लेखक-समीक्षक आंद्रेय सिन्याव्स्की यांनी तर समाजवादी वास्तववादावरील आपल्या निबंधात त्याऐवजी फांतास्मागोरिक, म्हणजे भासमय कल्पनाचित्रांच्या, कलेवर भिस्त ठेवली. हा निबंध १९५९ मध्ये पॅरिसमध्ये निनावी छापला गेला होता. परदेशात छापलेल्या लेखनावरून १९६६ मध्ये झालेल्या खटल्यात सिन्याव्स्की यांना सात वर्षांची शिक्षा झाली. पुढे फ्रान्समध्ये स्थायिक झाल्यावर त्यांचे गोगोलवरील पुस्तक १९७५ मध्ये लंडनहून निघाले. बुल्गाकोव यांची ‘मास्टर आणि मार्गारिता’ ही, सैतान मॉस्कोत अवतरतो अशी अद्भुत कादंबरीही लेखकाच्या मृत्यूनंतर सव्वीस वर्षांनी, कात्री लागलेल्या रूपात, १९६६-६७ मध्ये ‘मोस्क्वा’ मासिकात आली.

दरम्यान मूळचे बल्गेरियन असलेले तोदोरोव १९६३ मध्ये पॅरिसला पोहोचले होते. १९६५ मध्ये त्यांनी रूपवाद्यांच्या लेखांचे फ्रेंच संकलन केले, आणि त्यातून तोमाशेव्स्की फ्रेंच वाचकांपर्यंत गेले. पाच वर्षांनी आलेल्या त्यांच्या व्याख्येत सोलोव्योव यांचे वाक्य तोमाशेव्स्कींच्या हवाल्याने येते. गंमत अशी की, रशियन अभ्यासकांनी सर्वाधिक कष्ट ज्या कथेवर घेतले, ती ‘नाक’ या मापात नीट बसत नाही. तेथे ना पात्राला प्रश्न पडतो की हे अलौकिक असेल का, ना ती परीकथा आहे. तोदोरोव यांनाही ती सीमेवरचे उदाहरण मानावी लागली.

ही अडचण रशियन समीक्षक युरी मान यांनी १९७८ च्या ‘गोगोलचे काव्यशास्त्र’ या ग्रंथात सोडवली, असे मला वाटते. ‘इस्पिकची राणी’सारख्या, दोन्ही स्पष्टीकरणे शिल्लक ठेवणाऱ्या लेखनाला त्यांनी झाकलेले अद्भुत म्हटले आणि गोगोल त्याच्या पुढे कसा गेला हे दाखवले. सुरुवातीच्या कथांत सैतान, चेटकिणी असे अद्भुताचे कर्ते स्पष्ट दिसतात; नंतर कर्ता नाहीसा होतो, पण त्याची करणी तशीच राहते. ‘नाक’ कथेच्या आधीच्या एका खर्ड्यात सारा प्रकार अधिकाऱ्याला पडलेले स्वप्न होता. रशियन भाषेत नाक म्हणजे ‘नोस’; ती अक्षरे उलट वाचली की ‘सोन’ म्हणजे स्वप्न होते. गोगोलने छापताना स्वप्नाचा तो खुलासा काढून टाकला, आणि नाक ७ एप्रिलला, कोणतेही कारण न देता, परत चेहऱ्यावर आले.