शनिवारवाड्याभोवतीचे शंभर मीटर

शनिवारवाड्याचा पाया 10 जानेवारी 1730 रोजी घातला गेला. 1828 च्या आगीत आतला वाडा जळाला. तट, बुरूज आणि दरवाजे उरले. पुढे 1886 मध्ये रे मार्केट (आजची महात्मा फुले मंडई) झाले, तोवर पुण्याची मंडई याच्याच पटांगणात भरे. कसबा आणि शनिवार पेठेला तटाचा शेजार कधी जड नव्हता. तो जड झाला कायद्यामुळे.

शनिवारवाड्याला लागू असलेला प्राचीन स्मारकांचा कायदा 1958 चा. 16 जून 1992 च्या अधिसूचनेने संरक्षित हद्दीपासून 100 मीटर प्रतिबंधित आणि त्यापुढचे 200 मीटर नियंत्रित ठरले. तरीही पुरातत्त्व खात्याच्या समितीमार्फत शंभर मीटरांत काही परवानग्या मिळत. 2009 मध्ये दिल्ली उच्च न्यायालयाने ती वाट बंद केली आणि 2010 च्या दुरुस्तीने बंदी थेट कायद्यातच घातली.

खरी मेख पुढे आहे. शंभर मीटरांत 1992 पूर्वीच्या घराची परवानगी घेऊन दुरुस्ती करता येते, पण पाडून तेवढ्याच आकाराचेही पुन्हा बांधता येत नाही. पुनर्बांधणीला वाव आहे तो नियंत्रित पट्ट्यात.

आता पेठेतला वाडा पाहा. सागवानी खांब, तुळया, वर कडीपाट म्हणजे लाकडी कड्या-फळ्यांचे छत, भिंती विटा-मातीच्या. कौल सरकले की पाणी भिंतीत उतरते आणि तुळईचे भिंतीत गेलेले टोक आतून कुजते. मधला भाग मात्र धडधाकट दिसत राहतो. वरून सिमेंटचा गिलावा केला तर ओल कोंडते आणि माती भुसभुशीत होते. त्यात भाडे नियंत्रणामुळे जुनी भाडी इतकी थोडी, की त्यातून कौले चाळण्याचा खर्चही निघत नाही. दुरुस्ती लांबते, भिंत बसते आणि मग कायद्याने परत उभी करता येत नाही. स्मारक जपण्यासाठी केलेल्या नियमाने त्याच्या शेजारची जुनी वस्ती खचावी, हे आम्हाला अन्यायाचे वाटते.

म्हणून तुळईची टोके पावसाळ्याआधी ठोकून पाहावीत आणि अर्ज घर उभे असतानाच करावा. 1992 पूर्वीचे घर असल्याचा पुरावा जोडावा: मिळकत पत्रिका, जुन्या करपावत्या. सक्षम प्राधिकाऱ्याने, म्हणजे ज्याच्याकडे अर्ज द्यायचा त्या अधिकाऱ्याने, तो 15 दिवसांत राष्ट्रीय स्मारक प्राधिकरणाकडे पाठवायचा, प्राधिकरणाने दोन महिन्यांत शिफारस द्यायची, त्यानंतर महिनाभरात निर्णय कळवायचा. म्हणजे मे महिन्यात काम हवे असेल, तर कागद डिसेंबरातच दाखल झालेले बरे.