मजोराज मास्कमधले ते तीन दिवस आले कुठून?

निंटेंडोच्या झेल्डा मालिकेतला मजोराज मास्क हा व्हिडिओ गेम खेळलेल्या कुणालाही विचारा, पहिला चंद्रच आठवतो. मोठ्ठे डोळे, विचकलेले दात आणि तासातासाला थोडा थोडा खाली सरकणारा. तीन दिवसांनी तो क्लॉक टाउन या गावावर आदळणार, आणि त्याआधी लिंकने, म्हणजे आपण खेळतो त्या नायकाने, ओकारिना या बासरीसारख्या वाद्यावर साँग ऑफ टाइम हे गाणं वाजवलं की परत पहिल्या दिवसाची सकाळ, 72 तास शिल्लक. हा टाइम लूप इतका गाजलाय की कुणीतरी आधी ही कल्पना काढली आणि मग तिच्याभोवती गेम बांधला असंच वाटतं, पण खरं तर हातात वेळ कमी होता म्हणून तो आला.

याच मालिकेतला आधीचा गेम, ओकारिना ऑफ टाइम, आला नोव्हेंबर 1998 ला. झेल्डाचे जनक मियामोतो यांना त्याचीच एक दुसरी आवृत्ती हवी होती, उरा झेल्डा, म्हणजे जग तेच फक्त डंजन (कोडी आणि शत्रूंनी भरलेले चक्रव्यूह) फिरवलेले. काम आलं एजी आओनुमांकडे, आणि ओकारिनाचे डंजन त्यांनीच जीव ओतून केलेले, आता तेच उलटसुलट करायचे यात त्यांचं मनच लागेना, गुपचूप ते वेगळे नवीन डंजन बनवायला लागले आणि शेवटी सरळ विचारलं की आपण नवाच झेल्डा केला तर? मियामोतो म्हणाले, एका वर्षात होत असेल तर करा. ओकारिनाला लागलेला वेळ बघितला तर ही अट भयंकर होती.

इथे निंटेंडोचेच डिझायनर योशिआकी कोइझुमी आले. ते तेव्हा एका वेगळ्याच गेमवर काम करत होते, चोर-पोलिसाचा, छोटंसं जग आणि आठवड्याभरात गुन्हेगार पकडायचा. जग छोटं असल्यामुळे तेच दिवस पुन्हा पुन्हा खेळता येतील ही मूळ आयडिया त्यांची, तीच त्यांनी झेल्डात आणली. सुरुवातीला झेल्डातही सात दिवसच होते. पण सात दिवसांत कोण कधी कुठे असतं हे लक्षात ठेवणं खेळणाऱ्याला झेपेना, म्हणून तीन केले. कॅरेक्टरची मॉडेल्सही बरीचशी ओकारिनातलीच वापरली. 27 एप्रिल 2000 ला गेम जपानमध्ये आला, म्हणजे ओकारिनानंतर दीड वर्षाच्या आतच.

टाइम लूपच्या गोष्टी त्याआधीही होत्याच. रिचर्ड लुपॉफची एकच तास परत परत घडणारी कथा 1973 ची, ग्राउंडहॉग डे 1993 चा. पण तिथे माणूस अडकलेला असतो, इथे मागे आपण स्वतःच्या हाताने जातो, आणि जाताना काय सोडतोय ते आपल्याला माहीत असतं. मास्क, गाणी, महत्त्वाच्या वस्तू राहतात. बाण, बॉम्ब, खिशातले रुपी, म्हणजे गेममधले पैसे, जातात. रुपी वाचवायचे तर आधी बँकेत टाकायचे, आणि बँकवाला आपल्या अंगावरच एक शिक्का मारतो म्हणून काळ मागे गेला तरी खातं शाबूत. जपानी मूळ गेममध्ये तर सेव्ह करायचा मार्गच साँग ऑफ टाइम होता, घुबडाच्या पुतळ्यापाशी मधेच सेव्ह करायची सोय नंतर बाहेरच्या आवृत्त्यांमध्ये आली.

तीन दिवस म्हणजे आपले 54 मिनिटं. गाणं उलटं वाजवलं की काळ हळू चालतो, पण थांबत नाही.

माझ्या मते हा गेम खरा उभा आहे तो लोकांच्या टाइमटेबलवर. पहिल्या रात्री एका म्हातारीची बॉम्बची पिशवी साकॉन नावाचा चोर पळवतो. त्याला अडवलं तर म्हातारी वाचते, पण मग त्या फेरीत काफेई नावाच्या तरुणाचं काम (ते पुढे येतंच) होतच नाही, कारण साकॉन चोरीचा माल विकायला दुकानात आला तरच काफेई त्याच्या मागावर लागू शकतो. तसंच सरायीतली खोली. गोरॉन जमातीतला, लिंकच्याच नावाचा एक जण असतो, त्याचं बुकिंग आपण घेतलं तर तो बिचारा रात्री बाहेर झोपतो. एका फेरीत सगळ्यांचं भलं होऊच शकत नाही, आणि मला हे कुठल्याही बॉसपेक्षा जड गेलं.

2015 च्या थ्रीडीएस या हातात धरायच्या कन्सोलवरच्या आवृत्तीत सेव्ह करणं सोपं झालं. 2019 च्या आउटर वाइल्ड्स या दुसऱ्याच गेममध्ये लूप 22 मिनिटांचा झाला, आणि तिथे तर सोबत फक्त माहितीच येते.

पण आंजू आणि काफेई ते आंजू आणि काफेईच. लग्न ठरलंय, काफेई शाप लागून लहान मुलगा झालाय आणि लपून बसलाय, आंजू सरायीच्या काउंटरवर त्याची वाट बघतेय. पहिल्या रात्री साडेअकराला ती आपल्याला पत्र देते, ते पोस्टात टाकायचं, दुसऱ्या दिवशी काफेईला गाठायचं, त्याचं पेंडंट तिला पोचवायचं, तिसऱ्या संध्याकाळी इकाना नावाच्या भागात साकॉनच्या अड्ड्यावर. मग सरायीत परत येऊन नुसतं थांबायचं, खिडकीबाहेर जमीन हादरत असते. जेमतेम दीड तास उरलेला असताना काफेई येतो. ते दोघं एकमेकांना वचन देतात, आपल्याला मास्क देतात, आणि आपण ओकारिना काढतो. पहिल्या सकाळी आंजू परत काउंटरवर, आपल्याला ओळखतही नाही. आणि काफेईच्या आईकडची बाटली आणि पोस्टमनची टोपी दोन्ही हवी असतील तर यातली बरीचशी धावपळ आणखी एकदा करावी लागते, कारण काफेईचं शेवटचं पत्र एका फेरीत एकाच्याच हातात देता येतं, एकतर त्याच्या आईच्या नाहीतर पोस्टमनच्या.