राज्य लॉटरीचे बक्षीस: निकालाची पडताळणी, मागणी अर्ज आणि कराचा हिशेब

महाराष्ट्र राज्य लॉटरी १२ एप्रिल १९६९ रोजी सुरू झाली. मटक्यासारख्या बेकायदा जुगाराच्या नादी लागलेल्या लोकांना सरकारमान्य पर्याय मिळावा आणि शासनाच्या तिजोरीत काही महसूल यावा, असा तिचा हेतू होता. ही लॉटरी राज्याच्या वित्त विभागाच्या अखत्यारीत असून तिचे कार्यालय नवी मुंबईत वाशी येथे आहे. साप्ताहिक सोडतींबरोबरच गुढीपाडवा, दिवाळी अशा सणांच्या निमित्ताने मोठ्या रकमेच्या भव्यतम (बंपर) सोडतीही निघतात. तिकीट घेणाऱ्यांपैकी बहुतेकांना निकाल कुठे पाहायचा हे ठाऊक असते. मात्र बक्षीस लागल्यानंतर ते हाती येईपर्यंत काय करावे लागते, याची माहिती फार थोड्यांना असते आणि नेमक्या त्याच टप्प्यावर चुका होतात.

या व्यवहाराचा पाया लॉटरी (विनियमन) अधिनियम, १९९८ हा केंद्रीय कायदा आहे. लॉटरी चालवण्याचा अधिकार राज्य सरकारला आहे. तिकिटे सरकारनेच छापावीत, त्यांवर राज्याचे नाव व बोधचिन्ह असावे, सोडत सरकारने स्वतः आणि राज्याच्या हद्दीतच काढावी, एका लॉटरीची आठवड्यातून एकाहून अधिक सोडत नसावी आणि एका लॉटरीच्या भव्यतम सोडती वर्षात सहापेक्षा जास्त नसाव्यात, अशा अटी या कायद्यात घातलेल्या आहेत. केवळ एका अंकावर किंवा आधीच जाहीर केलेल्या क्रमांकावर बक्षीस देण्यास मनाई आहे. त्यामुळे ‘एक आकडा लावा’ असे सांगून जे काही विकले जाते, ती राज्य लॉटरी नव्हेच आणि त्याचे बक्षीस मागण्यासाठी कोणतेही सरकारी दार उघडे नसते. दुसऱ्या राज्याच्या लॉटरीची विक्री आपल्या हद्दीत बंद करण्याचा अधिकारही प्रत्येक राज्याला आहे. म्हणूनच तिकीट कोणत्या राज्याचे आहे, हे विकत घेतानाच पाहून ठेवावे.

निकाल पाहताना सोडतीची तारीख, लॉटरीचे नाव, तिकिटाची मालिका आणि क्रमांक या चारही गोष्टी जुळवून पाहाव्या लागतात. एकाच नावाची लॉटरी दर आठवड्याला निघत असल्याने मागच्या आठवड्याच्या निकालाशी या आठवड्याचे तिकीट ताडून पाहणारे लोक आजही भेटतात. मोठ्या बक्षिसासाठी बहुधा मालिका व संपूर्ण क्रमांक दोन्ही जुळावे लागतात. खालच्या बक्षिसांना अनेकदा शेवटचे चार अंक पुरतात. समजा क्रमांक ३७५२८१ असेल, तर निकालात ५२८१ हे अंक आहेत का ते प्रत्येक गटात शोधावे लागते. पहिल्या ओळीत आपला क्रमांक दिसला नाही म्हणून तिकीट फेकून देऊ नये, कारण पाचशे-हजार रुपयांची बक्षिसे निकालाच्या तळाशी असतात.

निकाल पाहण्यासाठी शासनाच्या लॉटरीचे अधिकृत संकेतस्थळ वापरावे. समाजमाध्यमांवर फिरणारी निकालाची छायाचित्रे किंवा निकालवाचनाच्या चित्रफिती सोयीच्या असल्या, तरी त्यांत अंक चुकलेला असू शकतो, जुना निकाल नव्या तारखेने टाकलेला असू शकतो आणि कधीकधी हे मुद्दाम केलेले असते. विक्रेत्याकडे तिकीट देऊन ‘जरा बघा काही लागलंय का’ असे विचारणे हा आपल्याकडचा सर्रास प्रकार आहे. बहुतेक विक्रेते प्रामाणिक असतात, तरीही मूळ तिकीट हातात देण्याआधी निकाल स्वतः पाहावा, असे प्रस्तुत लेखकाचे आग्रहाचे सांगणे आहे. ‘काही लागले नाही’ असे सांगून तिकीट बाजूला ठेवले गेले, तर नंतर ते आपले होते हे सिद्ध करायला आपल्याजवळ काहीच उरत नाही.

याचे कारण तिकिटाच्या स्वरूपात आहे. ते ज्याच्या हाती, त्याचे मानले जाते. विकताना त्यावर ग्राहकाचे नाव लिहिले जात नाही, हरवल्यास दुय्यम प्रत मिळत नाही आणि केवळ छायाचित्र दाखवून बक्षीस मागता येत नाही. म्हणून बक्षीस लागल्याची खात्री होताच तिकिटाच्या मागील बाजूस स्वतःचे पूर्ण नाव, पत्ता लिहून सही करावी, दोन्ही बाजूंच्या छायाप्रती काढाव्यात आणि मूळ तिकीट कोरड्या पाकिटात ठेवावे. क्रमांकावर किंवा छापील खुणांवर शाई लागू देऊ नये. फाटलेले तिकीट चिकटपट्टीने जोडणे अथवा जपण्याच्या हेतूने ते लॅमिनेट करून घेणे, हे दोन्ही टाळावे. कार्यालयात मूळ कागदावरील क्रमांक व सुरक्षाखुणा तपासल्या जातात आणि खाडाखोड केलेले किंवा संशयास्पद तिकीट नाकारले जाऊ शकते.

महाराष्ट्र राज्य लॉटरीत १०,००० रुपयांपर्यंतचे बक्षीस विक्रेत्याकडून मिळते. तेथे तिकीट दाखवून, रक्कम मोजून घेऊनच ते सुपूर्द करावे. त्यावरील रकमेसाठी वाशीच्या कार्यालयाकडे विहित नमुन्यात मागणी अर्ज करावा लागतो. अर्जात सोडतीचा तपशील, तिकिटाची मालिका व क्रमांक, बक्षिसाचा क्रम आणि अर्जदाराचे नाव, पत्ता व बँक खाते ही माहिती भरायची असते. सोबत मूळ तिकीट व त्याच्या दोन्ही बाजूंच्या छायाप्रती, पॅन कार्ड, आधार कार्ड किंवा अन्य ओळखपत्र, पत्त्याचा पुरावा, पासपोर्ट आकाराची छायाचित्रे, खात्याची खात्री पटण्यासाठी रद्द केलेला धनादेश किंवा पासबुकाचे पहिले पान आणि रक्कम मिळाल्याची पावती अशी कागदपत्रे तयार ठेवावीत. ५,००० रुपयांहून अधिक रकमेच्या पावतीवर १ रुपयाचे महसुली तिकीट लावून त्यावर आडवी सही करायची असते. ते तिकीट आजकाल प्रत्येक टपाल कार्यालयात लगेच मिळेलच असे नाही, म्हणून ते आधीच घेऊन ठेवलेले बरे.

पॅन कार्डावरील, आधारवरील आणि बँक खात्यावरील नाव एकसारखे आहे ना, हे अर्जाआधी तपासावे. एका ठिकाणी माहेरचे आडनाव, दुसऱ्या ठिकाणी सासरचे आणि तिसऱ्या ठिकाणी वडिलांच्या नावाचे केवळ आद्याक्षर, अशा कारणांनी अर्ज अडकून पडतात. शक्य असेल तर अर्ज स्वतः कार्यालयात नेऊन द्यावा आणि मूळ तिकीट जमा केल्याची, त्यावर तिकिटाचा क्रमांक लिहिलेली पोच घेतल्याशिवाय तेथून निघू नये. पोच नसेल, तर तिकीट देऊन टाकल्यानंतर आपल्या हाती फक्त छायाप्रत राहते.

मुदतीबाबत हयगय चालत नाही. राज्याने ठरवून दिलेल्या मुदतीत न मागितलेली बक्षिसाची रक्कम त्या राज्य सरकारचीच होते, असे १९९८ च्या अधिनियमात स्पष्ट म्हटले आहे. ही मुदत सोडतीच्या तारखेपासून मोजली जाते, निकाल आपल्या पाहण्यात आला त्या दिवसापासून नव्हे. तिकिटामागे छापलेल्या अटी वाचाव्यात आणि काहीही झाले तरी सोडतीपासून महिन्याच्या आत अर्ज दाखल होईल अशा बेताने धावपळ करावी.

तिकीट अनेकांनी मिळून घेतले असेल, तर प्रश्न अधिक नाजूक होतो. २०२३ मध्ये केरळमधील मलप्पुरम जिल्ह्यातल्या परप्पनंगडी नगरपालिकेच्या कचरा संकलनाचे काम करणाऱ्या ११ महिलांनी वर्गणी काढून २५० रुपयांचे एक तिकीट घेतले होते आणि त्यावर त्यांना १० कोटींचे मान्सून बंपर लागले. तिकीट एक, मालकिणी अकरा, असा तो प्रसंग होता. अशा वेळी कोणी किती पैसे घातले व कोणाचा किती वाटा, याचा सर्वांच्या सह्यांचा करारनामा नोटरीसमोर करून तो अर्जासोबत द्यावा, म्हणजे रक्कम एकाच्या नावावर आली तरी वाटपाला आणि कराच्या हिशेबाला आधार राहतो. त्याहूनही उत्तम म्हणजे सोडतीच्या आधीच तिकिटाच्या छायाप्रतीवर सगळ्यांनी सह्या करून ठेवणे. बक्षीस लागल्यावर वर्गणीच्या आठवणी वेगवेगळ्या होऊ लागतात.

विजेता अल्पवयीन असल्यास अर्ज पालकाने करायचा असतो, आणि अशा बक्षिसाचे उत्पन्न करासाठी आई किंवा वडिलांपैकी ज्याचे उत्पन्न अधिक असेल त्याच्या उत्पन्नात मिळवले जाते. मुलाच्या नावाने तिकीट घेतल्याने कर वाचतो, ही समजूत चुकीची आहे.

कराचा भाग बहुतेकांना अनपेक्षित असतो. एका बक्षिसाची रक्कम १०,००० रुपयांहून अधिक असेल, तर ती देतानाच ३० टक्के प्राप्तिकर कापला जातो. १९६१ च्या प्राप्तिकर कायद्यात यासाठी कलम १९४ बी आणि कर आकारणीसाठी कलम ११५ बीबी होते. १ एप्रिल २०२६ पासून लागू होणाऱ्या २०२५ च्या कायद्यात कलमांचे आकडे बदलले असले, तरी ३० टक्के हा दर तोच आहे. या उत्पन्नाला करमुक्त मर्यादेचा लाभ मिळत नाही, विमा किंवा भविष्य निर्वाह निधीत गुंतवणूक केल्याची वजावट मिळत नाही आणि वर्षभरात न लागलेल्या तिकिटांवर केलेला खर्चही त्यातून वजा करता येत नाही. समजा ७ लाख रुपयांचे बक्षीस लागले. त्यातून २ लाख १० हजार रुपये कापले जाऊन ४ लाख ९० हजार रुपये खात्यात येतील. प्रत्यक्ष करावर ४ टक्के उपकर असल्याने एकूण देय कर २ लाख १८ हजार ४०० रुपये होतो, म्हणजे विवरणपत्र भरताना आणखी ८,४०० रुपये भरावे लागतात. एकूण उत्पन्न ५० लाखांच्या पुढे गेल्यास अधिभारही लागतो. १०,००० रुपयांपर्यंतच्या बक्षिसातून कर कापला जात नाही. पण ते उत्पन्न करपात्र असतेच.

विवरणपत्र भरताना नोकरदारांचा नेहमीचा आयटीआर-१ हा नमुना लॉटरीच्या उत्पन्नासाठी चालत नाही. व्यवसायाचे उत्पन्न नसलेल्यांना आयटीआर-२ भरावा लागतो. कापलेला कर आपल्या पॅनवर जमा झालेला दिसतो की नाही हे आधी पाहावे आणि कर कपातीचे प्रमाणपत्र जपून ठेवावे.

जाहीर झालेली रक्कम व हाती येणारी रक्कम यांतला फरक केरळच्या उदाहरणावरून चांगला कळतो. तेथे २०२२ च्या तिरुवोणम बंपरचे पहिले बक्षीस २५ कोटींचे होते. त्यातून आधी विक्री करणाऱ्या एजंटाचे १० टक्के कमिशन, म्हणजे अडीच कोटी रुपये गेले. उरलेल्या साडेबावीस कोटींवर ३० टक्के कर कापल्यावर १५ कोटी ७५ लाख रुपये राहिले.

केरळचा उल्लेख मुद्दाम केला, कारण मराठी माणसांचा तेथे वावर आहे. विटा, खानापूर, आटपाडी भागातील गलाई व्यावसायिक सोने गाळण्याच्या कामासाठी दक्षिणेत पिढ्यान्‌पिढ्या राहत आलेले आहेत आणि पर्यटकही हौसेने तिकीट घेऊन येतात. केरळची लॉटरी १९६७ मध्ये सुरू झाली व तिची पहिली सोडत २६ जानेवारी १९६८ रोजी निघाली. तेथील विजेत्यांनी आपला क्रमांक केरळ सरकारच्या राजपत्रातील निकालाशी ताडून पाहावा आणि ३० दिवसांच्या आत तिकीट सादर करावे, असे तेथील शासनाचे सांगणे असते. ५,००० रुपयांपर्यंतचे बक्षीस केरळमधील कोणत्याही लॉटरीच्या दुकानात, १ लाखापर्यंतचे जिल्हा लॉटरी कार्यालयात आणि मोठी बक्षिसे तिरुवनंतपुरम येथील संचालनालयामार्फत मिळतात. तिकिटाच्या व छायाचित्रांच्या प्रती राजपत्रित अधिकाऱ्याकडून किंवा नोटरीकडून साक्षांकित करून द्याव्या लागतात. तिकीट बँकेमार्फतही सादर करता येते. केरळ सरकार आपली तिकिटे ऑनलाइन विकत नाही. त्यामुळे मोबाइलवर ‘केरळ लॉटरी’ विकणारे कोणतेही ॲप खोटे समजावे.

फसवणुकीची एक ठरलेली पद्धत आहे. ‘केबीसीची २५ लाखांची लॉटरी लागली’ असा व्हॉट्सॲप संदेश येतो आणि मग जीएसटी, प्रक्रिया शुल्क, कराची आगाऊ रक्कम अशा नावांनी पैसे मागितले जातात. जीएसटी तिकिटाच्या विक्रीवर लागतो, बक्षिसावर नाही. रोख बक्षिसावरील प्राप्तिकर बक्षिसातूनच कापला जातो; तो विजेत्याने आधी कोणाच्या खात्यात भरायचा नसतो. बक्षीस मोटारीसारख्या वस्तूचे असेल तर ती ताब्यात देण्यापूर्वी कर भरलेला असावा लागतो हे खरे, पण तो भरणाही आपल्या पॅनवर चलानाद्वारे सरकारकडे होतो, फोनवर सांगितलेल्या खात्यात नव्हे. शिवाय जे तिकीट आपण कधी घेतलेच नाही, त्यावर बक्षीस लागण्याचा प्रश्नच येत नाही. पैसे गेले असतील, तर १९३० या राष्ट्रीय सायबर मदत क्रमांकावर ताबडतोब तक्रार करावी.

परदेशात राहणाऱ्या मराठी वाचकांसाठी एक बाब वेगळी आहे. परकीय चलन व्यवस्थापन कायद्याखालील २००० च्या नियमांनुसार लॉटरीत जिंकलेली रक्कम भारताबाहेर पाठवता येत नाही, आणि भारतातून परदेशी लॉटरीची तिकिटे घेण्यासाठी पैसे पाठवण्यासही बंदी आहे. सुट्टीत घरी आल्यावर घेतलेल्या तिकिटावर बक्षीस लागले, तर ती रक्कम भारतातच ठेवावी किंवा खर्चावी लागते, आणि अर्जात खात्याचा तपशील देताना आपले अनिवासी साधारण (एनआरओ) खाते द्यावे.