गोठलेला आवाज: एका कल्पित नियमाची पार्श्वभूमी

विज्ञानकथांत एक नियम पुन्हापुन्हा भेटतो. उच्चारलेला आवाज विरत नाही, तो कुठेतरी साठून राहतो आणि योग्य साधन हाती आलं तर शेकडो वर्षांनीही ऐकता येतो. भौतिकशास्त्रात असा नियम नाही. तरीही तो विसाव्या शतकातल्या लेखकांच्या डोक्यातून निघालेला नाही. त्याचं मूळ बरंच जुनं आहे, आणि तेही चक्क एका विनोदात.

तो विनोद ग्रीक लेखक प्लुटार्कने नोंदवून ठेवलाय. अँटिफेनीस म्हणे सांगायचा की एका गावात थंडी इतकी कडाक्याची असते की बोललेले शब्द तिथल्या तिथे गोठतात, आणि हिवाळ्यातलं बोलणं लोकांना उन्हाळ्यात ऐकू येतं. प्लुटार्कने हा किस्सा प्लेटोच्या शिष्यांना चिमटा काढायला वापरला: तरुणपणी ऐकलेलं त्यांना म्हातारपणी कळलं!

युरोपात प्रबोधनकाळात हा किस्सा पुन्हा अंकुरला. १५२८ साली छापलेल्या इटालियन लेखक कास्तिल्योनेच्या ग्रंथात इटलीतल्या लुक्का शहरातला एक व्यापारी सेबल या प्राण्याची मौल्यवान कातडी विकत घ्यायला निघतो. गोठलेल्या नीपर नदीच्या एका काठावर तो, दुसऱ्या काठावर मॉस्कोचे व्यापारी. ते ओरडून भाव सांगतात, पण शब्द अर्ध्या वाटेतच थिजतात. शेवटी नदीच्या मधोमध बर्फावर शेकोटी पेटवली जाते. शब्द वितळतात, भाव ऐकू येतो, आणि तो इतका चढा निघतो की व्यापारी हात हलवत घरी परततो. फ्रेंच लेखक राब्लेने १५५२ मध्ये यावर कडी केली. त्याच्या प्रवाशांना जहाजावर आदल्या हिवाळ्यातल्या एका लढाईचे गोठलेले आवाज सापडतात. रंगीबेरंगी साखरगोळ्यांसारखे दिसणारे हे आवाज तळहातात धरून ऊब दिली की फुटतात आणि ऐकू येतात. काही शब्द तेलात घालून जपून ठेवावेत असं निवेदकाला वाटतं, पण कथानायक पँटाग्रुएल त्याला वेड्यात काढतो.

इथवर सगळी थट्टाच होती. नेपल्सच्या जांबात्तिस्ता देल्ला पोर्ताने मात्र सोळाव्या शतकाच्या अखेरीस ती गंभीरपणे घेतली. आवाजाला पोचायला वेळ लागतो, म्हणजे तो वाटेत कुठेतरी असतो. मग शिशाच्या लांब नळीत बोलून दोन्ही तोंडं झटकन बंद केली तर शब्द आत कोंडले जातील, हा त्याचा तर्क. तर्कात दम होता, हिशेबात नव्हता. आवाज सेकंदाला सुमारे ३४० मीटर धावतो, म्हणजे तीन सेकंदांच्या एका वाक्यासाठी किलोमीटरभर नळी हवी. एवढं करूनही तो आत शांत बसणार नाहीच. या टोकाकडून त्या टोकाकडे आपटत थोड्याच वेळात त्याची उष्णता होऊन जाईल.

आपल्याकडे या नियमाचा एक देशी अवतार आहे. कुरुक्षेत्रावर सांगितलेली गीता अजून आकाशात घुमते आहे, यंत्र सापडलं की ऐकू येईल, असं छातीठोकपणे सांगणारे भेटतात आणि पुराव्यादाखल ‘शब्दगुणकमाकाशम्’ (शब्द हा ज्याचा गुण ते आकाश) हे वचन पुढे करतात. गंमत अशी की हे वचन तर्कसंग्रह या ग्रंथातलं, म्हणजे न्याय-वैशेषिक दर्शनं मानणाऱ्यांच्या बाजूचं, आणि त्यांच्या मते शब्द अनित्य आहे! एक ध्वनी पुढचा ध्वनी उपजवतो आणि स्वतः नाश पावतो; पाण्यातल्या लाटांवरून याला वीचीतरंगन्याय म्हणतात. शब्द नित्य मानणारे ते मीमांसा दर्शनाचे अनुयायी, म्हणजे मीमांसक. पण त्यांचा रोख वेदांच्या अपौरुषेयत्वाकडे, म्हणजे वेद कुणी रचलेले नाहीत या मताकडे होता, कुणाचं बोलणं हवेत साठून राहण्याशी त्यांना देणंघेणं नव्हतं.

या कल्पनेला आधुनिक विज्ञानाचा पोशाख चढवला तो संगणकाचे आद्य शिल्पकार चार्ल्स बॅबेज यांनी. १८३७ च्या त्यांच्या पुस्तकातला दावा असा: बोलण्याने हलवलेला हवेचा कण पुढच्या कणाला हलवतो, वीस तासांच्या आत सगळ्या वातावरणापर्यंत ती हालचाल पोचते, आणि अमर्याद गणित येणाऱ्याला ती उलटी वाचून मूळ शब्द काढता येतील. हवा म्हणजे एक विराट ग्रंथालय. गुलामांचा व्यापार करणाऱ्यांची कृत्यंही त्यात कायमची नोंदली गेली आहेत, असं त्यांनी बजावलं. माझ्या मते या कल्पनेचं हे सर्वांत भारदस्त रूप. पण ती फार काळ टिकणारी नव्हती. हवेच्या चिकटपणामुळे ध्वनिलहरी कशी क्षीण होते, याचं गणित जॉर्ज स्टोक्स यांनी १८४५ मध्येच मांडलं. तिची ऊर्जा रेणूंच्या सैरावैरा हालचालीत मिसळून जाते.

कथाकारांचं मात्र यामुळे काही अडलं नाही. जे. जी. बॅलार्डच्या १९६० च्या एका कथेत भिंतींत मुरलेले आवाज झाडून काढणारा सफाई कामगार आहे. १९७२ मध्ये बीबीसीच्या एका नाटकात जुन्या वाड्याचे दगडच ध्वनिमुद्रण करतात, आणि त्यावरून भुताखेतांचा एक ‘सिद्धांत’च रूढ झाला.

खरा जुना आवाज परत आला तो भलत्याच वाटेने. पॅरिसच्या एदुआर-लेओं स्कॉट द मार्तिनव्हिल यांनी १८५७ मध्ये पेटंट घेतलेलं यंत्र काजळी धरलेल्या कागदावर आवाजाची नागमोडी रेघ काढायचं. ती पुन्हा वाजवायची सोय नव्हती, तसा हेतूही नव्हता. पण आवाजाच्या रेघेशेजारी ते नादकाट्याची, म्हणजे ठरावीक वेगाने कंप पावणाऱ्या धातूच्या काट्याचीही रेघ उमटवत, वेळ मोजण्यासाठी. एप्रिल १८६० मधली अशीच एक रेघ २००८ साली अमेरिकेत संगणकावर वाजवली गेली. एका फ्रेंच लोकगीताची ओळ ऐकू आली, आवाज एखाद्या बाईचा किंवा मुलीचा वाटला. नंतर घोळ ध्यानात आला. नादकाट्याची सेकंदाला ५०० कंपनं फ्रेंच पद्धतीने, म्हणजे जाणं आणि येणं वेगवेगळं, अर्धी कंपनं धरून मोजलेली होती. काटा खरा २५० चा. वेग निम्मा केल्यावर निघाला तो संथपणे गाणाऱ्या पुरुषाचा आवाज, बहुधा खुद्द स्कॉट यांचाच.