बदली आदेश हाती पडल्यावर: निवेदन, कागदपत्रे आणि मॅटची (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाची) मुदत

राज्य शासनाच्या कर्मचाऱ्यांच्या बदल्या एरवी एप्रिल-मेमध्ये होतात. म्हणून बदलीविरुद्धच्या निवेदनांत एक वाक्य सर्रास असते: ‘३१ मे उलटल्यानंतर केलेली बदली बेकायदेशीर आहे.’ एवढ्यावर आदेश रद्द होत नाही. शासन काही वर्षी ही मुदत पुढे नेते. २०२० मध्ये कोरोनामुळे नेली होती. शिवाय २००५ च्या बदल्यांच्या अधिनियमातच अपवाद आहेत.

दोन गोष्टी वेगळ्या ठेवा. पदावधी (एका पदावर राहण्याचा ठरलेला काळ) पूर्ण झाला, पण बदली एप्रिल-मे सोडून केली, तर ती मध्यावधी बदली. तिथे कलम ४(४) लागते. पदावधीच पूर्ण नसेल तर ती मुदतपूर्व बदली, आणि मग कलम ४(५). ऑगस्टमध्ये, दीड वर्षातच उचलले असेल तर दोन्ही कलमे मांडावी लागतात. दोन्हींत कारण लेखी नोंदवणे आणि वरच्या प्राधिकाऱ्याची पूर्वमान्यता घेणे बंधनकारक आहे. मान्यता नंतर घेतली असेल तर ती पूर्वमान्यता नव्हे, आणि नुसते ‘प्रशासकीय कारणास्तव’ म्हणजे कारण नव्हे. निवेदनाचा सगळा जोर इथे हवा. मुलांची शाळा, आईवडिलांचे आजारपण जरूर लिहा, पण नंतर.

साधारण पदावधी तीन वर्षांचा. मंत्रालयाबाहेरील गट क कर्मचाऱ्याची त्या कार्यालयातून किंवा विभागातून बदली दोन पूर्ण पदावधींनंतर, म्हणजे सहा वर्षांनी होते. गट ड ला ठरावीक पदावधी नाही. जिल्हा परिषदेचे कर्मचारी आणि शिक्षक या अधिनियमात येत नाहीत, त्यांचे शासन निर्णय वेगळे आणि दाद उच्च न्यायालयात. पोलिसांसाठी महाराष्ट्र पोलीस अधिनियमातील स्वतंत्र तरतूद आहे. चुकीच्या दारात गेलेले महिने परत मिळत नाहीत.

कागदपत्रांत बदली आदेश, कार्यमुक्ती आदेश (जुन्या पदावरून मोकळे केल्याचा) आणि आधीच्या नेमणुकीचा आदेश सहज मिळतात. अडते ते रुजू अहवालावर. पदावधी मोजायचा तो प्रत्यक्ष रुजू झाल्यापासून, आणि त्या अहवालाची शिक्क्याची प्रत कोणी जपलेली नसते. सेवापुस्तकातील नोंदीच्या पानाची साक्षांकित प्रत लगेच मागून घ्या. बदलीचे कारण बहुधा आदेशात नसते, ते नस्तीतील (फाइलमधील) टिप्पणीत असते. म्हणून माहिती अधिकारात टिप्पणी, बदल्यांची शिफारस करणाऱ्या नागरी सेवा मंडळाचे इतिवृत्त आणि पूर्वमान्यतेचे पत्र तारखेसह मागा. उत्तराला ३० दिवस मिळतात. तोवर निवेदन रोखून धरू नका.

निवेदन योग्य मार्गाने, म्हणजे आपल्या वरिष्ठांमार्फत द्या, आगाऊ प्रत थेट सक्षम (बदलीचा अधिकार असलेल्या) प्राधिकाऱ्याला पाठवा. पोचेवर आवक क्रमांक, तारीख, शिक्का तिन्ही हवेत. ‘साहेबांनी ठेवून घेतले’ ही पोच नाही.

आता मुदत, कारण चांगली प्रकरणे इथेच बुडतात. मॅटमध्ये अर्ज अंतिम आदेशापासून एक वर्षात करायचा असतो. निवेदनाला सहा महिन्यांत उत्तर आले नाही, तर ते सहा महिने संपल्यापासून एक वर्ष. पुढे कितीही स्मरणपत्रे दिली तरी घड्याळ पुन्हा शून्यावर येत नाही. सर्वोच्च न्यायालयाने १९८९ मध्येच एस. एस. राठोर प्रकरणात हे सांगितले आहे. उशीर माफ होऊ शकतो, पण पुरेसे कारण दाखवावे लागते, आणि ‘उत्तराची वाट पाहत होतो’ हे फारसे टिकत नाही.

स्थगिती हवी असेल तर वर्ष विसरा. तुम्ही कार्यमुक्त झालात आणि तुमच्या जागी दुसरा रुजू झाला की अंतरिम दिलासा अवघड होतो. तिथे हिशेब दिवसांचा आहे. मुंबई, नागपूर किंवा छत्रपती संभाजीनगर, आपले खंडपीठ कोणते ते आधीच पाहून ठेवा. कार्यमुक्ती टाळायला वैद्यकीय रजेवर जाणे ही जुनी युक्ती आहे; हल्ली एकतर्फी कार्यमुक्त करतात आणि गैरहजेरीचे वेगळे प्रकरण मागे लागते. त्यापेक्षा हक्क राखून रुजू होत असल्याचे लेखी द्या.

आमदारांचे शिफारसपत्र जोडू नका. वर्तणूक नियमांनुसार तो गैरवर्तनाचा मुद्दा होतो.

विनंती बदलीचा अर्ज पडून असेल तर त्याच अधिनियमाचे कलम १० दाखवा: नस्ती एका टेबलावर साधारण सात कामकाजाच्या दिवसांपेक्षा जास्त राहू नये, आणि दुसऱ्या विभागाकडे पाठवायची नसेल तर ४५ दिवसांत निर्णय व्हावा. जाणूनबुजून विलंब केल्यास शिस्तभंगाची तरतूद आहे. मात्र कार्यालयाने मुदत पाळली नाही म्हणून विनंती आपोआप मान्य होत नाही, हेही लक्षात असू द्या.